पँथरचे गाव आणि बीडचे गायरान

१९४६ च्या जुलै महिन्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी अमेरिकेतील कृष्णवर्णीय विचारवंत द्यु बॉइस यांना पत्र लिहिले. तेथील कृष्णवर्णीयांनी संयुक्त राष्ट्रसंघाकडे केलेल्या निवेदनाच्या प्रती त्यांना हव्या होत्या. ३१ जुलैच्या उत्तरात द्यु बॉइस यांनी भारतातील अस्पृश्यांविषयी सहानुभूती कळविली. या नात्याचा मागोवा घेताना आपले अभ्यासक येथून थेट १९७२ च्या मुंबईत, दलित पँथरच्या स्थापनेकडे येतात, आणि तिची प्रेरणा १९६६ च्या ओकलंड शहरात शोधतात. ते खरे आहे. परंतु अपुरे आहे, असे आम्हांस वाटते.

काळा पँथर मुळात खेड्यातला. अलाबामा राज्यातील लाउंड्स हा कापूस पिकविणारा भाग. तेथे शंभरात ऐंशी लोक कृष्णवर्णीय. परंतु १९६५ च्या आरंभी मतदारयादीत त्यांच्यापैकी एकाचेही नाव नव्हते. ज्यांनी नावे नोंदविली त्यांतील अनेक कुळांना मळेवाल्यांनी घराबाहेर काढले. ती कुटुंबे तंबूंत राहिली, पण त्यांनी नावे मागे घेतली नाहीत. पुढे त्यांनी स्वतःचा पक्ष काढला. बरेच मतदार निरक्षर असल्याने ठसठशीत चिन्ह हवे होते, म्हणून काळा पँथर आला. १९६६ ची निवडणूक ते हरले. मात्र १९७० मध्ये त्यांच्यातीलच जॉन ह्यूलेट तेथील शेरीफ झाले. ओकलंडच्या तरुणांनी पँथर उचलला तो येथून.

बीडच्या वाचकास यात परके काय वाटेल? निजामी राजवट १९४८ मध्ये संपली आणि १९५२ च्या निवडणुकीत येथील अस्पृश्य मजुरानेही मत दिले. शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनचे चिन्ह हत्ती होते, तेही निरक्षरास ओळखू येणारे. लाउंड्समध्ये ज्यासाठी घर सोडावे लागले, तो मताधिकार आपणांस संविधानाने दिला. जमीन मात्र दिली नाही. ज्याच्या शेतात राबायचे आणि ज्याच्याकडून उचल घ्यायची, त्याच्या समोर मत किती स्वतंत्र राहील? ऊसतोडीसाठी अर्धे वर्ष गाव सोडणाऱ्यास हा प्रश्न पुस्तकी वाटत नाही.

म्हणून येथील स्वयंनिर्णयाचा लढा गायरानावर झाला. पोतराजाच्या घरात जन्मलेल्या एकनाथ आवाड यांनी मानवी हक्क अभियानाच्या द्वारे भूमिहीन दलितांना गायरान कसण्यास उभे केले. (आवाडांनी २००६ मध्ये बौद्ध धम्म स्वीकारला; २०१५ मध्ये त्यांचे निधन झाले.) शासनाच्या १९९१ च्या निर्णयाने १४ एप्रिल १९९० पर्यंतची शेतीसाठीची अतिक्रमणे नियमित करण्याची वाट उघडली. हा दिवस बाबासाहेबांच्या जन्मशताब्दी वर्षाचा आरंभदिन होता. आता कसत असल्याचा पुरावा दाखवणे आले. ज्यांना अतिक्रमणाबद्दल पूर्वी दंड झाला होता, त्यांच्या दंडाच्या पावत्याच त्यांची साक्ष ठरू लागल्या. अपराधाचा कागद हक्काचा कागद झाला!

२०११ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने जगपाल सिंग खटल्यात सार्वजनिक जमिनींवरील अतिक्रमणे हटविण्याचा आदेश दिला. त्याच निकालात शासकीय अधिसूचनेनुसार भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातींना पट्टा दिलेला असल्यास अपवाद मान्य केला आहे. जमीन वर्षानुवर्षे कसूनही ज्यांचे नाव सातबाऱ्यावर चढलेले नाही, त्यांनी त्या जुन्या पावत्या अजून जपून ठेवल्या आहेत.