चोरपावलांनी मंत्र कसा टाकायचा?

पुणतांब्याला गोदावरीकाठी चांगदेवांची समाधी आहे. आख्यायिका अशी, की ज्ञानेश्वरांना पत्र लिहिताना मायनाच सुचेना, म्हणून या योग्यानं कोरा कागद धाडला. उत्तर आलं ६५ ओव्यांचं, ‘चांगदेव पासष्टी’! पुढे स्वारी निघाली ती वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक. लपूनछपून काही नाहीच.

‘डंजन्स अँड ड्रॅगन्स’मध्ये मात्र लपणाऱ्याचीच पंचाईत. खेळ १९७४ चा, त्यात चोर आला १९७५ मध्ये. १९७८ च्या नियमपुस्तकात मंत्रापुढे छापलं गेलं, त्याला काय लागतं: उच्चार, हातवारे, की सामग्री. आता तुमचा चोर खांबाआड उभा, अगदी अदृश्यसुद्धा. पण मंत्र म्हटला की पहारेकरी वळलाच! आवाज बंद करणारी जादू केली, तर उच्चाराचे मंत्रही बंद. २०१४ च्या पाचव्या आवृत्तीत मुकाट्यानं मंत्र टाकायची सोय आहे, पण जादा गुण खर्चून. तीही मूळ पुस्तकात मांत्रिकाला, चोराला नाही. हा अन्यायच आहे राव.

आपल्याकडे हिशेब उलटा. मनुस्मृतीत विधियज्ञापेक्षा जप दहापट श्रेष्ठ, ओठांतल्या ओठांत केलेला शंभरपट आणि मनातला हजारपट. पुढच्या डावात हा नियम मागून बघा, आणि खेळ चालवणाऱ्याचा चेहराही.