परनामधारी नगर : चित्रपटांतील हेलसिंकी

इतिहासाच्या साधनांत चित्रपटाची गणना करावी की नाही, हा प्रश्न आता फारसा विवाद्य राहिलेला नाही. वृत्तपटाचे साधनमूल्य सर्वमान्य आहे. कल्पित कथेवरील चित्रपटही ज्या स्थळी चित्रित होतो त्या स्थळाविषयी नकळत काही साक्ष देऊन जातो, हेही बहुतेक अभ्यासकांस मान्य होईल. परंतु ज्या नगराचे चित्रण झाले त्याचे नाव पुसून त्या जागी दुसऱ्याच नगराचे नाव घातलेले असेल, तर ती साक्ष कोणाविषयीची समजावयाची? फिनलंडची राजधानी हेलसिंकी हिच्या बाबतीत हा प्रश्न केवळ तात्त्विक नाही. १९७० नंतरच्या सुमारे दीड तपात पाश्चात्त्य देशांतील असंख्य प्रेक्षकांनी हे नगर पडद्यावर पाहिले. पण पाहिले ते मॉस्को किंवा पेट्रोग्राड म्हणून.

जॉन ह्यूस्टनचा 'द क्रेमलिन लेटर' (१९७०), डॉन सीगलचा 'टेलिफॉन' (१९७७), वॉरन बेटीचा 'रेड्स' (१९८१) आणि मायकेल ॲप्टेडचा 'गॉर्की पार्क' (१९८३) हे या मालिकेतील ठळक चित्रपट होत. सोव्हिएट राजवटीवर टीका करणाऱ्या किंवा हेरगिरीच्या कथांना मॉस्कोत चित्रणाची अनुज्ञा मिळणे त्या काळी अशक्यप्राय होते. डेव्हिड लीनने 'डॉक्टर झिवागो' (१९६५) साठी माद्रिदजवळ मॉस्कोचा रस्ताच बांधून काढला आणि हिमाच्छादित प्रदेशाची काही दृश्ये तेवढी फिनलंडमध्ये घेतली. पुढील दिग्दर्शकांनी हा खटाटोप टाळला. त्यांना बांधलेले नगर आयतेच मिळाले. ते आयते कसे मिळाले, हे पाहू गेल्यास आपणांस चित्रपटाच्या इतिहासातून बाहेर पडून १८१२ पर्यंत मागे जावे लागते.

१८०८-०९ च्या युद्धात स्वीडनने फिनलंड गमावले आणि तो प्रदेश रशियाच्या झारच्या अधिपत्याखाली एक महासंस्थान म्हणून आला. जुनी राजधानी तुर्कू ही स्वीडनच्या फार जवळ होती. पहिल्या अलेक्झांडरने १८१२ मध्ये राजधानी हेलसिंकीस हलविली. हेलसिंकी हे तेव्हा एक लहानसे बंदर होते आणि १८०८ च्या आगीत त्याचा मोठा भाग भस्मसात झालेला होता. ही आपत्ती नगररचनाकारांस अनुकूलच ठरली. योहान आल्ब्रेक्ट एरेनस्ट्रम याने नव्या नगराचा आराखडा केला आणि १८१६ पासून बर्लिनचा वास्तुशिल्पी कार्ल लुडविग एंगेल याने तो मूर्त स्वरूपात आणला. एंगेल त्यापूर्वी ताल्लिन आणि सेंट पीटर्सबर्ग येथे राहिलेला होता. सेनेटची इमारत १८२२ मध्ये, विद्यापीठाची १८३२ मध्ये उभी राहिली. चौकाच्या माथ्यावरील भव्य चर्च मात्र एंगेलच्या मृत्यूनंतर, १८५२ मध्ये पुरे झाले. पुढे १८६८ मध्ये जवळच्या टेकडीवर उस्पेन्स्की हे लाल विटांचे रशियन पद्धतीचे चर्च आले आणि १८९४ मध्ये सेनेट चौकाच्या मध्यभागी दुसऱ्या अलेक्झांडरचा पुतळा बसविण्यात आला. फिनलंड १९१७ मध्ये स्वतंत्र झाले, तरी तो पुतळा तेथून हलला नाही.

तेव्हा हेलसिंकीचे रशियन साम्राज्यनगरीशी असलेले साम्य हा योगायोग नव्हे. एका सत्ताधीशाने आपल्या सत्तेची खूण म्हणून ते जाणीवपूर्वक घडविले होते. दीडशे वर्षांनंतर छायाचित्रकारांनी त्याचा लाभ घेतला इतकेच. निसर्गानेही त्यांस साहाय्य केले. हेलसिंकी आणि लेनिनग्राड ही दोन्ही नगरे साठाव्या अक्षांशाच्या आसपास आहेत. हिवाळ्यातील तो तिरपा, फिकट प्रकाश दोहींकडे सारखाच. १८६२ मध्ये सुरू झालेला फिनलंडचा लोहमार्ग रशियन मापाचा, पाच फूट रुंदीचा आहे. रस्त्यांवर रशियन लिपीतील पाट्या लावणे हे काम तर फारच सोपे होते. किंबहुना त्यात काही नवे नव्हते. झारच्या राजवटीच्या अखेरच्या काळात हेलसिंकीतील रस्त्यांची नावे रशियन, स्वीडिश आणि फिनिश अशा तीन भाषांत लिहिलेली असत. सोफियानकातू या लहानशा रस्त्यावर तशी पाटी आजही जतन करून ठेवलेली आहे. चित्रपटवाल्यांनी जी लिपी तात्पुरती आणली ती या रस्त्यांना अपरिचित नव्हती.

मात्र हे साम्य सर्व नगरास लागू पडते असे समजणे चुकीचे होईल. प्रवासवर्णनकारांनी हेलसिंकीस 'छोटे पीटर्सबर्ग' म्हणण्याची रूढी पाडली आहे, ती प्रस्तुत लेखकास मान्य नाही. एंगेलचे नगर म्हणजे सेनेट चौक आणि त्याभोवतीचे काही रस्ते. विसाव्या शतकाच्या आरंभी फिनिश वास्तुशिल्पींनी त्या शैलीकडे बुद्ध्या पाठ फिरविली आणि ग्रॅनाइटच्या ओबडधोबड शिळांत एक स्वदेशी शैली शोधली. राष्ट्रीय संग्रहालय हे तिचे ठळक उदाहरण. एलिएल सारिनेनचे १९१९ मध्ये खुले झालेले रेल्वेस्थानकही पीटर्सबर्गची आठवण करून देत नाही. त्यामुळे ज्या दिग्दर्शकास रशिया दाखवावयाचा असे, त्याचा कॅमेरा थोडासा जरी वळला तरी घात होई. या चित्रपटांत पुनःपुन्हा तेच चर्च, त्याच पायऱ्या, तीच दर्शनी भिंत दिसते, त्याचे कारण हेच होय. साम्राज्याचे नगर कोठे संपते आणि फिन्न लोकांचे नगर कोठे सुरू होते, याची सीमारेषा या चौकटींच्या कडांवर बिनचूक आखलेली सापडते. नकाशातही ती इतकी स्पष्ट दिसत नाही. माझ्या मते या चित्रपटांचे पहिले साधनमूल्य पडद्याबाहेर ठेवलेल्या या भागात आहे.

'रेड्स' या चित्रपटाचा विचार थोडा विस्ताराने केला पाहिजे. अमेरिकन पत्रकार जॉन रीड याने पाहिलेली १९१७ ची रशियन क्रांती हा त्याचा विषय; आणि त्यासाठी हेलसिंकीच्या रस्त्यांवर पेट्रोग्राड उभे करण्यात आले. पण १९१७ मध्ये हेलसिंकी स्वतः काय करीत होते? ते रशियाच्या बाल्टिक आरमाराचे ठाणे होते. त्या वर्षीच्या मार्चमध्ये तेथे खलाशांनी बंड केले आणि आरमारप्रमुख नेपेनिन मारला गेला. १९१८ च्या जानेवारीत फिनिश लाल पक्षाने नगर ताब्यात घेतले. एप्रिलमध्ये जर्मन सैन्याने ते जिंकले आणि पराभूतांपैकी पुष्कळांस नगरासमोरच्या सुओमेनलिन्ना बेटावरील बंदिवासात डांबण्यात आले. त्यांतील अनेक तेथेच भुकेने व रोगराईने मेले. म्हणजे ज्या रस्त्यांवर परकी क्रांती उभी करण्यात आली, त्या रस्त्यांना स्वतःची एक रक्तरंजित क्रांती ठाऊक होती, आणि फिनलंडमध्ये तिच्याविषयी दीर्घकाळ मोकळेपणाने बोलले जात नसे. खुद्द रीडलाही १९२० मध्ये फिनलंडमध्ये पकडून काही महिने कैदेत ठेवले होते. हेलसिंकीचा स्वतःचा तो इतिहास मात्र पडद्यावर आला नाही.

सोव्हिएट सरकारला न रुचणाऱ्या कथांना हेलसिंकीत जागा मिळे, यावरून फिनलंड त्या बाबतीत बेफिकीर होते असा निष्कर्ष काढणे घाईचे ठरेल. १९४८ च्या मैत्री, सहकार्य व परस्परसाहाय्याच्या कराराने त्या देशाचे परराष्ट्रधोरण मॉस्कोशी जखडलेले होते. परराष्ट्राशी असलेल्या संबंधांस बाध आणील असा चित्रपट रोखण्याचा अधिकार तेथील चित्रपट-परीक्षण मंडळास कायद्यानेच दिलेला होता. सोल्झेनित्सिनच्या कादंबरीवरील, इव्हान देनिसोविचच्या एका दिवसाची कथा सांगणारा चित्रपट (१९७०) फिनलंडमध्ये जन्मलेल्या कास्पर व्रेडे याने नॉर्वेत तयार केला; फिनलंडमध्ये त्याच्यावर बंदी आली. रेन्नी हार्लिनच्या 'बॉर्न अमेरिकन'लाही १९८६ मध्ये आधी बंदीच झाली. त्यात तीन अमेरिकन तरुण फिनलंडमधून सोव्हिएट सीमा ओलांडतात. सारांश, हेलसिंकीत रशिया उभा करण्यास प्रत्यवाय नव्हता. उभा केलेला रशिया हेलसिंकीच्या प्रेक्षकांस दाखविता येईल की नाही, हा वेगळा प्रश्न होता.

याच काळातील केन रसेलचा 'बिलियन डॉलर ब्रेन' (१९६७) हा अपवाद होय. त्यात हेलसिंकी हेलसिंकी म्हणूनच येते. तथापि तेथेही ते दोन जगांमधला एक उंबरठा आहे. इंग्रज हेर तेथे येतो तो पलीकडे जाण्यासाठी.

१९८३ या एकाच वर्षी दोन चित्रपट प्रदर्शित झाले, हे येथे ध्यानात घेण्याजोगे आहे. एक 'गॉर्की पार्क', ज्यात हेलसिंकीस मॉस्को केले आहे. दुसरा अकी काउरिस्मॅकी या तरुण दिग्दर्शकाचा पहिला कथाचित्र, दस्तयेव्स्कीच्या 'गुन्हा आणि शिक्षा' या कादंबरीवरील. पीटर्सबर्गची एवढी प्रसिद्ध कथा आणि पीटर्सबर्गसारखा चौक हाताशी असता काउरिस्मॅकीने त्याचा मोह धरला नाही. त्याने कथाच हेलसिंकीत आणली, तीही समकालीन हेलसिंकीत. त्याचा नायक खाटीकखान्यात काम करतो आणि ज्या माणसाने दारूच्या धुंदीत मोटार चालवून त्याच्या वाग्दत्त वधूचा बळी घेतला त्याचा खून करतो. परक्यांनी हेलसिंकीवर रशियाचे नाव घातले, तर या फिन्नाने रशियाच्या कथेवर हेलसिंकीचे नाव घातले. त्याने हे ठरवून केले असे माझे म्हणणे नाही. पण परिणाम असा झाला खरा.

काउरिस्मॅकीच्या पुढील चित्रपटांचे नगर एंगेलच्या चौकापासून दूर आहे. 'कालामारी युनियन' (१९८५) मध्ये फ्रँक या एकाच नावाची माणसे काल्लिओ या कामकरी वस्तीतून एइरा या धनिकांच्या वस्तीकडे निघतात. अंतर काही किलोमीटरांचे. पण त्यांच्या दृष्टीने ते खंड ओलांडण्याएवढे आहे, आणि बहुतेक जण वाटेतच मरतात. 'शॅडोज इन पॅरडाइज' (१९८६) चा नायक कचऱ्याची गाडी चालवितो, नायिका दुकानात पैसे घेण्याच्या खिडकीवर बसते, आणि शेवटी दोघे ताल्लिनला जाणाऱ्या सोव्हिएट जहाजावर चढतात. पूर्वेकडचा देश येथे वेषांतर करून येत नाही. तो बंदरात उभा असलेल्या बोटीएवढा रोजचा आहे. 'द मॅन विदाउट अ पास्ट' (२००२) मध्ये स्मृती गमावलेला मनुष्य बंदराकाठी मालाच्या लोखंडी पेटीत संसार मांडतो. मालवाहतुकीचे हे बंदर २००८ मध्ये नगराच्या मध्यभागाजवळून वुओसारी येथे हलविण्यात आले, आणि जुन्या धक्क्यांवर घरे उठली. म्हणून हा चित्रपट आता बंदराच्या इतिहासाचेही साधन झाला आहे. त्याच वर्षी पेटर फॉन बाख याने जुन्या फिनिश चित्रपटांचे तुकडे जोडून 'हेलसिंकी, फॉरएव्हर' हा पट सिद्ध केला. नगराचा इतिहास चित्रपटांच्याच द्वारे लिहिता येतो, याचे ते एक उत्तम उदाहरण होय.

१९९० च्या 'द रशिया हाउस' चे चित्रण खुद्द मॉस्को आणि लेनिनग्राड येथे झाले. १९९१ मध्ये सोव्हिएट संघ संपला, १९९२ मध्ये १९४८ चा करारही गेला. हेलसिंकीस वेष देण्याची गरज पुष्कळशी सरली. ४ एप्रिल २०२३ रोजी फिनलंड नाटो संघटनेत सामील झाले. पुढच्याच महिन्यात काउरिस्मॅकीचा 'फॉलन लीव्ह्ज' कान येथे दाखविण्यात आला. त्यात रशिया कोठेही दिसत नाही. नायिकेच्या लहानशा घरात जुन्या पद्धतीचा रेडिओ आहे, त्यावर युक्रेनमधील युद्धाच्या बातम्या येत राहतात, आणि ती उठून तो बंद करते.