माधोसागरावर उतरलेली बोट

1938चा हिवाळा आहे. शिरूर अनंतपाळहून बैलगाडीनं लातूर, बार्शी लाइटच्या छोट्या गाडीनं कुर्डुवाडी आणि मग मोठ्या रेल्वेनं गाड्या बदलत तुम्ही ग्वाल्हेरला पोचला आहात. खिशातला निजामाचा हाली सिक्का शिंद्यांच्या राज्यात कुणी घेत नाही. न घेईना का! तुम्ही आलात ते माधोसागर तलावाच्या काठी उभं राहायला.

राजसमंदच्या, म्हणजे मागच्या थांब्याच्या, दिशेनं घरघर वाढत येते. चार इंजिनांचं पांढुरकं धूड तलावावर वळसा घेतं, पाण्याला पोट टेकवतं आणि दोन्ही बाजूंना फवारे उडवत धावतं. थोड्या वेळानं नाकाजवळची झडप उघडून एक माणूस बाहेर वाकतो आणि बोयाला दोर अडकवतो. आता हे विमान नाही, नांगरलेली बोट आहे.

लाँचमधून जवळ गेलात की तिचं पोट नीट बघा. सपाट, उंच बाजू. रुंदी मुद्दाम कमी, म्हणजे हवेचा अडथळा कमी. ही आर्थर गूज यांची कल्पना. इंग्लंडात रॉचेस्टरला मेडवे नदीकाठी शॉर्ट ब्रदर्सच्या कारखान्यात ती आकाराला आली. इंपीरियल एअरवेज या ब्रिटिश विमान कंपनीला इतकी घाई होती, की एकही नमुना उडवून न बघता 28 उडत्या बोटींची मागणी नोंदवली गेली. पहिली, ‘कॅनोपस’, जुलै 1936 मध्ये जॉन लँकेस्टर पार्कर यांनी उडवली.

आत या. 24 प्रवाशांची सोय, पुढं धूम्रपानाची खोली, आणि खिडकीशी उभं राहून खालचा मुलूख बघण्यासाठी कठडा लावलेली मोकळी जागा. टपालाची पोती वरच्या मजल्यावर. खरं तर टपालासाठीच हा सगळा खटाटोप. साम्राज्यभर पत्रं विमानानं न्यायची होती. एका दमात जेमतेम हजार-बाराशे किलोमीटर जाता येतं, म्हणून वाटेत पाणी हवं. राजसमंद तर सतराव्या शतकात दुष्काळी कामावर बांधलेला तलाव! दुष्काळाच्या मुलखातून आलेल्या तुम्हाला हे ऐकून भरून येतं. तुमच्या घरणी नदीवर तर अजून धरणच नाही.

निघायची वेळ होते, पण वारा पडलाय. पाणी आरशासारखं गुळगुळीत झालंय, आणि वैमानिकाला नेमकं तेच नको असतं. ओल्या पाटावर ताट चिकटून बसावं तसं असं पाणी बोटीचं पोट धरून ठेवतं. म्हणून तर पोटाखाली मधोमध एक पायरी काढलेली असते: वेग वाढला की बोट त्या पायरीवर उचलली जाते, मागचा भाग पाण्यातून सुटतो. तरीही आज लाँच पुढं पळवून पाणी ढवळावं लागतं. मग पेगासस इंजिनं गर्जतात, प्रत्येकी 900हून जास्त अश्वशक्तीची. खिडक्यांवर पाण्याचे सपकारे बसतात, काहीच दिसत नाही. 18 टनांचा भार थरथरतो, घसटतो, आणि एकाएकी थरथर थांबते.

काच निथळते. खाली शिंद्यांचा किल्ला. पुढचं पाणी यमुनेचं, अलाहाबादला. दीडेक तासाची वाट.