हसवता हसवता बोचणारा पटकथाकार

चित्रपटाचे श्रेय बहुधा दिग्दर्शकाच्या पदरात पडते आणि पटकथाकार विस्मरणात जातो. स्पॅनिश पटकथाकार राफाएल अझकोना हे याला ठळक अपवाद ठरले. दिग्दर्शक बदलत गेले, तरी अझकोना यांच्या लेखणीची ओळख पुसली गेली नाही.

२४ ऑक्टोबर १९२६ रोजी लोग्रोन्यो येथे जन्मलेले अझकोना १९५१मध्ये माद्रिदला आले. 'ला कोदोर्निस' या विनोदी साप्ताहिकातून त्यांचे लेखन गाजू लागले. याच काळात इटालियन दिग्दर्शक मार्को फेरेरी यांच्याशी त्यांचा परिचय झाला आणि अझकोना यांच्या कादंबरीवरून 'एल पिसितो' हा चित्रपट तयार झाला. घर मिळावे म्हणून वृद्ध भाडेकरणीशी विवाह करणारा आणि तिच्या मृत्यूची वाट पाहणारा तरुण, हे त्याचे कथानक. 'एल कोचेसितो' (१९६०) या त्यांच्या पुढच्या चित्रपटाचा शेवट मात्र सेन्सॉरच्या दडपणाखाली बदलावा लागला.

लुईस गार्सिया बेर्लांगा यांच्यासमवेत अझकोना यांनी केलेले काम स्पॅनिश चित्रपटांचा मानदंड मानले जाते. नाताळच्या रात्री गरिबाला जेवायला बोलावण्याच्या श्रीमंती ढोंगाची टर उडवणाऱ्या 'प्लासिदो'ला (१९६१) परभाषिक चित्रपटाच्या ऑस्करसाठी नामांकन मिळाले. 'एल बेर्दुगो' (१९६३) म्हणजे 'फाशी देणारा'. सरकारी सदनिका मिळावी म्हणून नायक सासऱ्याची जल्लादाची नोकरी पत्करतो. आपल्या हातून कधीच कोणाचा जीव घ्यावा लागणार नाही, अशी त्याला आशा असते. अखेर हुकूम येतो, तेव्हा वधस्थानाकडे फरफटत न्यावे लागते ते जल्लादालाच!

हा चित्रपट व्हेनिस महोत्सवात दाखवला जाण्यापूर्वी थोडेच दिवस आधी, ऑगस्ट १९६३मध्ये, फ्रँकोच्या राजवटीने माद्रिदमध्ये दोन अराज्यवाद्यांना गळा आवळून देहदंड दिला होता. साहजिकच इटलीतील स्पॅनिश राजदूतांनी चित्रपटाविरुद्ध आपल्या परराष्ट्रमंत्र्यांकडे तक्रार केली. सेन्सॉरने काही दृश्ये कापली. पण कथेच्या मुळाशी असलेला प्रश्न कापणे त्यांना शक्य नव्हते. घर, हप्ता, नोकरी अशा साध्या गरजांपायी सज्जन माणूस किती तडजोड करतो, हाच तो प्रश्न.

फ्रँकोच्या १९७५मधील मृत्यूनंतर 'ला एस्कोपेता नासिओनाल'मधून (१९७८) अझकोना यांनी त्या राजवटीतील लाचखोरीवर उघडपणे कोरडे ओढले. पुढे कार्लोस साउरा यांच्या 'आय, कार्मेला!' (१९९०) या चित्रपटाच्या पटकथेतही त्यांचा वाटा होता. फेर्नान्दो त्रुएबा यांच्या 'बेल एपोक'ला (१९९२) परभाषिक चित्रपटाचे ऑस्कर मिळाले. १९९८मध्ये त्यांना सन्माननीय गोया पुरस्कार देण्यात आला.

२४ मार्च २००८ रोजी माद्रिदमध्ये त्यांचे निधन झाले. त्यांच्या पश्चात प्रदर्शित झालेल्या 'लोस खिरासोलेस सिएगोस'च्या पटकथेलाही गोया पुरस्कार लाभला. प्रेक्षकाला हसवून मग त्याच्याच हसण्याची त्याला लाज वाटायला लावणे, हे अझकोना यांच्या लेखणीचे खरे सामर्थ्य होते.