वारली कुणाच्या खात्यात?

आजचा प्रश्न आपल्या वैतरणेच्या काठचाच आहे. वारली ही मराठीची बोली, की भिलीची?

जॉर्ज ग्रियर्सन यांनी इंग्रजांच्या काळात भारतातल्या भाषांचं मोठं सर्वेक्षण केलं. त्यातला मराठीचा सातवा खंड 1905 साली आला. कोकणातल्या बोलींच्या यादीत तिथे वारली आहे, सोबत कातकरी, वाडवळी आणि वसईची सामवेदी. म्हणजे आपलं बरंचसं गणगोत एकाच खंडात.

आता 2011 ची जनगणना उघडा. वारली तिथे ‘भिली/भिलोडी’च्या पोटात आहे, कोकणा आणि धोडियाच्या रांगेत. बोलणारे तेच, घराणं बदललं!

सर्वेक्षणाची पद्धत भारी होती. बायबलमधली उधळ्या मुलाची गोष्ट प्रत्येक बोलीत उतरवून घ्यायची, तीही बहुतेक सरकारी अधिकाऱ्यांमार्फत. गोष्ट एकच, त्यामुळे तुलना सोपी. पण त्या गोष्टीत डुकरं आहेत, वासरू आहे. भाताची लावणी नाही, नाचणी नाही. मला तरी हा डेटा अपुराच वाटतो.

घराणं ठरवताना उसने शब्द बाजूला ठेवून व्याकरण बघतात. मराठीत ‘घराचा’, गुजरातीत ‘घरनो’. शब्द बाजारातूनही येतात, ‘चा’ आणि ‘नो’ सहसा घरातूनच. पण जिथे पिढ्यान्‌पिढ्या लोक सीमेच्या दोन्ही बाजूंना मजुरीला जातात, सोयरीक करतात, तिथे व्याकरणही शेजारून येतं. एक फाइल एकाच फोल्डरमध्ये, हा आमचा सॉफ्टवेअरवाल्यांचा हट्ट इथे चालत नाही.

मग फोल्डर बदलला तर बिघडलं काय? जनगणनेत भिलीचे 1 कोटी 4 लाख भाषिक आहेत. वारलीचा आकडा तक्त्यात वेगळा दिसतो, पण बेरीज भिलीत होते. मराठीखाली टाकली असती तर मराठीत झाली असती. मराठी आठव्या अनुसूचीत आहे, भिली नाही. आणि पाड्यावरचं पोर पहिलीत बसतं तेव्हा? वारलीला मराठीची बोली म्हटलं, की पुस्तक त्याच्याच भाषेतलं आहे असं धरून बाई शिकवायला लागतात. वेगळी भाषा मानली, तर आधी त्याला मराठी शिकवावी लागेल, आणि त्यासाठी वारली येणारी बाई शोधावी लागेल.

भाषांच्या आयएसओ यादीत मात्र वारलीला स्वतःचा कोड आहे, व्हीएव्ही. कातकरीला केएफयू, सामवेदीला एसएमव्ही.

पुढच्या भागात सामवेदी. वसईकरांनो, तयार राहा!