कुठेही न लिहिलेला नियम

फ्रिट्झ पोलार्ड हे नाव आपल्याकडे फारसं कुणी ऐकलेलं नसणार. हा अमेरिकन फुटबॉलचा खेळाडू. आपला पायाने खेळायचा फुटबॉल नव्हे. लांबट चेंडू छातीशी धरून पळायचं आणि समोरच्यांनी अंगावर झेपावून पाडायचं, तो धसमुसळा खेळ. पण पोलार्डची गोष्ट खेळापेक्षा कारभाराची जास्त आहे, म्हणून लिहितोय.

जन्म 1894 चा, शिकागोतला. पूर्ण नाव फ्रेडरिक डग्लस पोलार्ड. गुलामगिरीविरुद्ध लढलेल्या फ्रेडरिक डग्लस यांच्यावरून आईवडिलांनी ते ठेवलं. उंची पाच फूट नऊ इंच, या खेळाच्या मानाने अंगकाठी किरकोळच. पण पळता पळता दिशा अशी बदलायचा की पकडणाऱ्याच्या हाती काही लागायचं नाही. ब्राऊन विद्यापीठाकडून तो 1 जानेवारी 1916 ला 'रोझ बोल' या मानाच्या सामन्यात उतरला. तिथे खेळणारा तो पहिला कृष्णवर्णीय. त्याच वर्षी पुढच्या हंगामात ब्राऊनने येल आणि हार्वर्ड या दोन्ही बलाढ्य संघांना हरवलं.

1919 मध्ये तो ओहायो राज्यातल्या ॲक्रन या टायरच्या कारखान्यांच्या गावात पैसे घेऊन खेळायला लागला. 1920 मध्ये व्यावसायिक संघांची लीग निघाली, आज जिला एनएफएल म्हणतात तीच. पहिल्याच हंगामात ॲक्रन एकही सामना न हरता विजेता ठरला. 1921 मध्ये पोलार्ड खेळाडू आणि प्रशिक्षक अशा दोन्ही जबाबदाऱ्या सांभाळू लागला. एनएफएलचा पहिला कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक तोच.

मान मोठा, पण वागणूक काय? कपडे बदलायला संघासोबत जागा नाही, मालकाच्या सिगारच्या दुकानात जायचं. प्रेक्षकांमधून शिव्या यायच्या, दगडही यायचे. पाडल्यावर मुद्दाम अंगावर उड्या पडायच्या. म्हणून तो पडल्या पडल्या पाठीवर वळायचा आणि खिळ्यांचे बूट वर धरायचा.

1926 नंतर तो लीगमध्ये दिसला नाही. बाकीचे कृष्णवर्णीय खेळाडूही कमी कमी होत गेले. 1933 मध्ये दोनच उरले होते, आणि 1934 ते 1945 एकही नाही. बारा हंगाम! पहिल्या चौदा हंगामांत तेरा जण खेळले होते, मग अचानक सगळ्यांचीच गुणवत्ता संपली का? बंदीचा नियम शोधायला जाल तर सापडणार नाही. ठराव नाही, परिपत्रक नाही. असं काही ठरलंच नव्हतं, असं मालक पुढेही सांगत राहिले.

तालुक्याच्या ठिकाणी बातमीदारी करताना मला हे नेहमी दिसतं. लेखी नकार असेल तर त्याची प्रत मागता येते, अपील करता येतं. 'योग्य उमेदवार मिळाला नाही' याची प्रत कुठून आणायची?

मग हे बदललं कसं? मालकांना पाझर फुटला नाही. 1946 मध्ये रॅम्स हा संघ लॉस एंजेलिसला आला. त्याला तिथलं कोलिझियम हे स्टेडियम हवं होतं, आणि ते होतं सार्वजनिक मालकीचं. हॅली हार्डिंग हा तिथल्या एका छोट्या कृष्णवर्णीय वर्तमानपत्राचा क्रीडा पत्रकार. स्टेडियमच्या आयोगापुढे उभा राहून त्याने मुद्दा मांडला, की लोकांच्या करातून बांधलेल्या मैदानावर लोकांपैकीच काहींना बंदी कशी? मार्चमध्ये रॅम्सने केनी वॉशिंग्टनला करारबद्ध केलं. मग वुडी स्ट्रोडला.

वॉशिंग्टन शहराचा संघ मात्र 1962 पर्यंत अडून बसला होता. तोही कशाने नमला? नवं स्टेडियम केंद्र सरकारच्या जमिनीवर होतं, आणि केनेडी सरकारातले मंत्री स्ट्यूअर्ट उडाल यांनी बजावलं, की भेदभाव चालू ठेवाल तर मैदान मिळणार नाही.

पोलार्ड दरम्यान स्वस्थ बसला नव्हता. त्याने हार्लेममध्ये कृष्णवर्णीय खेळाडूंचा 'ब्राऊन बॉम्बर्स' हा संघ घडवला, वर्तमानपत्रही चालवलं. 1986 मध्ये, 92 व्या वर्षी तो गेला. तोवर एनएफएलमध्ये दुसरा कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक झाला नव्हता. तो झाला 1989 मध्ये, आर्ट शेल. पोलार्डला व्यावसायिक फुटबॉलच्या 'हॉल ऑफ फेम'मध्ये जागा मिळाली 2005 साली.

'पहिला' झालेल्या माणसाचे आपण सत्कार करतो, फ्लेक्स लावतो. त्याच्यामागून दुसरा कधी आला, हे कुणी विचारत नाही. पोलार्डनंतर दुसरा यायला साठ वर्षांहून जास्त लागली. आपल्या गावातल्या संस्था, समित्या, बँका घ्या. पहिला कोण ते सगळ्यांना पाठ असतं. दुसऱ्याचं नाव आठवतंय का बघा. आणि नसेल आठवत, तर त्या संस्थेची जागा, इमारत, अनुदान कुणाच्या पैशातून आलंय, एवढं एकदा विचारून घ्या.