५० लाखांचे कर्ज, १ कोटी ४ लाखांची परतफेड

घर घेताना ग्राहक चौरस फुटाचा दर पाहतो, वाहनतळाच्या जागेसाठी घासाघीस करतो, बिल्डरकडून दोन-चार टक्के कमी करून घेतो. त्याच घरासाठी बँकेशी वीस वर्षांचा करार करताना मात्र त्याचा प्रश्न एकच असतो, ‘हप्ता किती बसेल?’ हा प्रश्न चुकीचा नाही, पण तो अपुरा आहे. हप्ता म्हणजे कर्जाची किंमत नव्हे. दरमहा किती रुपये द्यायचे, एवढेच तो सांगतो. एकूण किती द्यायचे, हे मुदत, व्याजदर, दरातील बदल आणि कर्जाला चिकटलेले इतर खर्च मिळून ठरते. हा हिशेब करारावर सही करण्यापूर्वी मांडला, तर कित्येक लाख रुपयांचा फरक पडू शकतो.

हिशेब सोपा जावा म्हणून एकच उदाहरण घेऊ. कर्ज ५० लाख रुपये, व्याजदर वार्षिक साडेआठ टक्के, मुदत २० वर्षे आणि व्याजआकारणी दरमहा घटत्या शिल्लक रकमेवर. या कर्जाचा समान मासिक हप्ता, म्हणजेच ईएमआय, ४३,३९१ रुपये येतो. असे २४० हप्ते भरले की एकूण भरणा होतो सुमारे १ कोटी ४ लाख १४ हजार रुपये. म्हणजे घेतले ५० लाख आणि त्यावर व्याज दिले ५४ लाख १४ हजार.

हप्ता समान, वाटणी असमान

हप्त्याची रक्कम शेवटपर्यंत तीच राहते, त्यामुळे कर्जही तेवढ्याच वेगाने फिटत असावे, असा अनेकांचा समज असतो. वस्तुस्थिती वेगळी आहे. दर महिन्याला बँक प्रथम शिल्लक मुद्दलावरील व्याज वळते करून घेते आणि उरलेली रक्कम मुद्दलात जमा करते. वरील उदाहरणात पहिल्या हप्त्यातील ३५,४१७ रुपये व्याजापोटी जातात आणि मुद्दल फिटते केवळ ७,९७४ रुपये. पहिल्या वर्षभरात कर्जदार ५ लाख २० हजार रुपये भरतो. त्यातील जेमतेम एक लाख रुपये मुद्दलातून कमी होतात.

पाच वर्षांनंतर भरणा झालेला असतो २६ लाखांचा, पण शिल्लक कर्ज असते ४४ लाख ६ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावरही, जवळजवळ ३५ लाख रुपये देणे उरलेलेच असते. निम्मे मुद्दल फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. यात बँकेची कोणतीही लबाडी नाही. घटत्या शिल्लक पद्धतीचे ते साधे गणित आहे. तथापि, पाच-सात वर्षांत घर विकून मोठे घर घेऊ, असा बेत आखणाऱ्यांनी हे गणित आधी पाहावे. विक्रीच्या वेळी त्यांच्या हाती अपेक्षेपेक्षा बरीच कमी रक्कम येते.

मुदतीचा मोह

हप्ता परवडत नसेल तर मुदत वाढवून घ्या, हा सल्ला कर्ज देणाऱ्या संस्थांचे प्रतिनिधी नेहमी देतात. ५० लाखांच्या याच कर्जावर, साडेआठ टक्के दराने, मुदतीचा परिणाम असा होतो :

१५ वर्षे : हप्ता ४९,२३७ रुपये, एकूण व्याज ३८ लाख ६३ हजार
२० वर्षे : हप्ता ४३,३९१ रुपये, एकूण व्याज ५४ लाख १४ हजार
२५ वर्षे : हप्ता ४०,२६१ रुपये, एकूण व्याज ७० लाख ७८ हजार
३० वर्षे : हप्ता ३८,४४६ रुपये, एकूण व्याज ८८ लाख ४० हजार

वीसऐवजी तीस वर्षांची मुदत घेतली तर हप्ता पाच हजारांनीही कमी होत नाही, व्याज मात्र सव्वाचौतीस लाखांनी वाढते. मुदत जसजशी लांबते, तसतसा हप्त्यातील दिलासा आटत जातो आणि व्याजाचा बोजा फुगत जातो. उत्पन्नाची खरोखरच ओढाताण असेल तर लांब मुदत घेणे शहाणपणाचे ठरू शकते. परंतु पुढे पगार वाढल्यावर हप्ताही वाढवायचा, हे त्याच वेळी ठरवलेले असावे.

दर वाढतो, तेव्हा काय घडते?

आपल्याकडील बहुतांश गृहकर्जे बदलत्या व्याजदराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवी किरकोळ कर्जे बाह्य मानदंडाशी जोडणे रिझर्व्ह बँकेने बंधनकारक केले. बहुतेक बँकांनी त्यासाठी रेपो दर निवडला. त्यामुळे रेपो दरातील बदल कर्जदारापर्यंत तीन महिन्यांच्या आत पोहोचतो, मग तो कपातीचा असो वा वाढीचा.

मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर गेला. दर वाढल्यावर बँका शक्यतो हप्ता तोच ठेवून मुदत वाढवतात. खात्यातून जाणारी रक्कम बदलत नसल्याने कर्जदाराला त्याचा पत्ताही लागत नाही. समजा, एखाद्याने पावणेसात टक्के दराने २० वर्षांसाठी ५० लाख घेतले. त्याचा हप्ता ३८,०१८ रुपये. लगेचच दर दीड टक्क्याने वाढून सव्वाआठ टक्के झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर मुदत २० वर्षांवरून साडेअठ्ठावीस वर्षांवर जाते. व्याज ४१ लाखांवरून ८० लाखांवर पोहोचते. चाळिसाव्या वर्षी घर घेणारा माणूस साठीला मोकळा होण्याऐवजी अडुसष्टाव्या वर्षापर्यंत, म्हणजे निवृत्तीनंतरही, हप्ते भरत राहतो. याच वेळी हप्ता ४,५८५ रुपयांनी वाढवून घेतला असता, तर मुदत वीस वर्षेच राहिली असती आणि सुमारे २८ लाख रुपयांचे व्याज वाचले असते.

दर आणखी एक टक्क्याने वाढून सव्वानऊ टक्के झाला, तर परिस्थिती अधिकच बिकट होते. तेव्हा महिन्याचे व्याजच ३८,५४२ रुपये होते, म्हणजे हप्त्यापेक्षा जास्त. नियमित हप्ते भरूनही कर्ज कमी होण्याऐवजी वाढत जाते.

या प्रकारांना आळा घालण्यासाठी रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्हींचा मेळ घालायचा, याची निवड कर्जदाराला द्यावी आणि मुदतवाढीमुळे कर्ज फुगत जाऊ नये, असे त्यात बजावले आहे. प्रत्येक तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारे विवरणपत्र उपलब्ध करून देणेही कर्जदात्या संस्थांवर बंधनकारक आहे. हे विवरणपत्र कर्जदाराने दर तिमाहीला वाचलेच पाहिजे.

२०२५ मध्ये रेपो दर टप्प्याटप्प्याने ६.५ टक्क्यांवरून ५.२५ टक्क्यांवर आला. दर उतरल्यावर हप्ता कमी करून घेण्याऐवजी तोच ठेवून मुदत कमी करून घेणे केव्हाही अधिक लाभाचे. जुन्या ‘बेस रेट’ किंवा ‘एमसीएलआर’ पद्धतीतील कर्जदारांपर्यंत कपातीचा लाभ उशिरा पोहोचतो. त्यांनी किरकोळ शुल्क भरून नव्या पद्धतीत जाता येते का, याची बँकेत चौकशी करावी. गृहवित्त कंपन्यांना बाह्य मानदंडाची सक्ती नाही, हेही ध्यानात ठेवावे.

हप्त्याबाहेरचे खर्च

व्याजाखेरीज प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, तसेच महाराष्ट्रात गहाणखतावरील मुद्रांक शुल्क आणि गहाणाची सूचना नोंदवण्याचा खर्च असतो. या रकमा एकदाच भरायच्या असल्याने त्यांचा फारसा विचार होत नाही. विम्याची बाब निराळी आहे. कर्जासोबत एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी पुढे केली जाते आणि तो हप्ता कर्जातच मिळवला जातो. एक लाखाचा विमाहप्ता अशा रीतीने वीस वर्षांच्या कर्जात गेला, तर साडेआठ टक्क्यांनी त्यापोटी २ लाख ८ हजार रुपये मोजावे लागतात. कर्त्या माणसाला विमासंरक्षण हवेच. पण ते कर्जदात्याकडूनच घ्यावे, अशी कायद्याची सक्ती नाही. स्वतंत्र मुदत विम्याशी तुलना करूनच निर्णय घ्यावा.

बांधकाम सुरू असलेल्या घराचे कर्ज टप्प्याटप्प्याने मिळते आणि ताबा मिळेपर्यंत अनेकदा केवळ व्याज भरावे लागते. या काळात सरासरी २५ लाख रुपये उचललेले असतील, तर दोन वर्षांत सव्वाचार लाख रुपये व्याज जाते आणि मुद्दल एक रुपयानेही कमी होत नाही. शिवाय घरभाडे चालूच असते. प्रकल्प रखडला की हा दुहेरी भार आणखी वाढतो.

हे सारे खर्च धरून कर्ज किती टक्क्यांना पडते, हे सांगणारा वार्षिक टक्केवारी दर, अर्थात एपीआर, ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ या तक्त्यात देणे १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांसाठी बंधनकारक झाले आहे. दोन बँकांची तुलना जाहिरातीतील व्याजदरावर न करता या दरावर करावी.

मुदतपूर्व परतफेड : वेळ महत्त्वाची

बदलत्या दराच्या गृहकर्जाची वैयक्तिक कर्जदाराने मुदतीपूर्वी परतफेड केल्यास बँकांनी दंड आकारू नये, असा आदेश रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच दिला आहे. स्थिर दराच्या कर्जाबाबत मात्र करारातील अटी तपासाव्यात.

मूळ उदाहरणात पहिल्या वर्षाअखेर एक लाख रुपये जादा भरले, तर शेवटचे सुमारे ११ हप्ते वाचतात आणि व्याजाची बचत ३ लाख ८० हजारांच्या घरात जाते. तेच एक लाख रुपये पंधराव्या वर्षाअखेर भरले तर बचत होते सुमारे ५१ हजारांची. दरवर्षी एक हप्ता जादा भरला, तर कर्ज सुमारे सव्वातीन वर्षे आधी फिटते आणि दहा लाखांहून अधिक व्याज वाचते. दिवाळीचा बोनस कुठे वापरावा, या प्रश्नाचे हे एक उत्तर असू शकते.

दुसऱ्या बँकेकडे कर्ज हलवण्यालाही हाच न्याय लागू पडतो. पहिल्या वर्षानंतर दर अर्ध्या टक्क्याने कमी मिळाला, तर उरलेल्या मुदतीत सुमारे ३ लाख ४५ हजार रुपये वाचतात. दहा वर्षांनंतर हीच बचत १ लाख ११ हजारांवर येते आणि त्यातून नव्या कर्जाचा प्रक्रिया व मुद्रांक खर्च वजा करावा लागतो.

प्राप्तिकर आणि महागाई

‘कर वाचतो, मग कर्ज कशाला फेडायचे?’ हा युक्तिवाद तपासून घ्यायला हवा. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर जुन्या करप्रणालीत वर्षाला कमाल दोन लाख रुपयांची वजावट मिळते. तीस टक्क्यांच्या टप्प्यातील करदात्याचा त्यामुळे उपकरासह ६२,४०० रुपये कर वाचतो. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचे व्याज आहे ४ लाख २१ हजार. नव्या करप्रणालीत तर स्वतःच्या वापरातील घरासाठी ही वजावटच नाही. कर वाचवण्यासाठी व्याज भरणे म्हणजे एक रुपया देऊन फार तर ३१ पैसे परत मिळवणे होय.

दुसरी बाजूही पाहिली पाहिजे. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका मोलाचा नसतो. महागाई सरासरी पाच टक्के धरली, तर ४३,३९१ रुपयांच्या शेवटच्या हप्त्याचे आजचे मोल सुमारे १६,३५० रुपये ठरते आणि साऱ्या हप्त्यांचे आजचे मूल्य १ कोटी ४ लाख नव्हे, तर ६६ लाखांच्या आसपास येते. त्यातून वाचलेले घरभाडे वजा केले तर चित्र आणखी सौम्य होते. म्हणून कर्ज फेडण्याच्या घाईत हाताशी काहीच शिल्लक न ठेवणे हेही अविचाराचेच. किमान सहा महिन्यांचा घरखर्च व हप्ते, आरोग्य विमा आणि निवृत्तीची तरतूद यांना हात न लावता जी रक्कम उरेल, तीच मुदतपूर्व परतफेडीकडे वळवावी.

सही करण्यापूर्वी

* हप्त्याबरोबर एकूण परतफेडीची रक्कम लेखी मागावी.
* दर दोन टक्क्यांनी वाढला तर हप्ता झेपेल का, हे आजच्या पगारावर तपासावे.
* मुदत निवृत्तीच्या वयापलीकडे जाणार नाही, अशी आखावी.
* दरातील बदलानंतर हप्ता की मुदत, हा पर्याय बँकेला लेखी कळवावा.
* जादा भरणा केल्यावर मुदत कमी झाल्याची नोंद विवरणपत्रात पाहावी.
* कर्ज फिटल्यावर मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत घ्यावीत. कर्जदात्या संस्थेमुळे विलंब झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई देण्याचा नियम डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. गहाणाची नोंदही रद्द करून घ्यावी.

घराची किंमत बिल्डरच्या कार्यालयात एकदाच ठरते. कर्जाची किंमत मात्र पुढची वीस वर्षे दर तिमाहीला नव्याने ठरत असते. तिच्यावर लक्ष ठेवणे हे घर घेण्याइतकेच महत्त्वाचे काम आहे.